दावा वेगळा, रिट वेगळी

गेल्या वर्षी आमच्या गल्लीतल्या एका पोरीचा सीमाभागाचा दाखला एका कार्यालयात अडकला. नीटला मार्क चांगले, कागदपत्रं वेळेत दिलेली. दाखला हातात आला तेव्हा प्रवेशाची फेरी संपली होती. कोर्टात जा म्हटलं, तर घरचे म्हणाले, "कोर्टात जाऊन काय होतंय? आपला दावा २००४ पासून तिथंच पडलाय."

मित्रांनो, हे वाक्य आपल्या घराघरात बसलंय. आणि ते साफ चूक आहे.

२००४ चा दावा महाराष्ट्र सरकारचा, कलम १३१ खालचा. तो कधी निकाली निघेल हे तुमच्या-माझ्या हातात नाही. पण अन्यायानं प्रवेश हुकला तर कलम २२६ खाली हायकोर्टात रिट करायचा हक्क त्या विद्यार्थ्याचा स्वतःचा. त्यासाठी कुठल्या सरकारची वाट बघावी लागत नाही.

मेडिकल प्रवेशाचा कायदा अशा विद्यार्थ्यांनीच घडवलाय. काही हरले. १९५५ मध्ये इंदूरच्या मेडिकल कॉलेजातला दिल्लीचा विद्यार्थी बाहेरच्यांकडून घेतल्या जाणाऱ्या कॅपिटेशन फीविरुद्ध सुप्रीम कोर्टात गेला. जन्मस्थान वेगळं, रहिवास वेगळा, असं सांगून कोर्टानं ती फी चालवून घेतली. पण १९८४ ला प्रदीप जैन खटल्यात त्याच कोर्टानं बजावलं, की भारतात डोमिसाईल एकच, भारताचं; एमबीबीएसच्या सगळ्याच जागा रहिवाशांसाठी राखता येणार नाहीत. आजचा १५ टक्के अखिल भारतीय कोटा त्याच वाटेनं आला. आणि जानेवारी २०२५ मध्ये पीजीच्या जागांवरचं रहिवासावर आधारित आरक्षणच कोर्टानं घटनाबाह्य ठरवलं.

कोणी म्हणेल, निकाल लागेपर्यंत जागा जाते, मग उपयोग काय? खरं आहे. १९९२ च्या मोहिनी जैन खटल्यात तुमकूरच्या कॉलेजनं बाहेरच्या विद्यार्थ्यांना लावलेली वर्षाची ६०,००० रुपये फी बेकायदा ठरली, पण खुद्द मोहिनी जैन यांना प्रवेश मिळाला नाही. मात्र २०१९ च्या कृष्णा श्रद्धा निकालानं यावर उत्तर दिलंय. विद्यार्थ्याची चूक नसेल आणि तो वेळ न घालवता कोर्टात आला असेल, तर अपवादात्मक प्रकरणात मुदतीनंतरही किंवा पुढच्या वर्षी जागा देता येते. वेळ न घालवता, हे शब्द पाठ करा. आपण नेमके तिथंच हरतो.

पैशाचं कारणही अर्धंच खरं. १९८७ च्या कायद्यानं मुलींना उत्पन्न न बघता मोफत वकील मिळू शकतो. धारवाडचं खंडपीठ बेळगावहून काही लांब नाही.

आता एक प्रश्न आपल्या पुढाऱ्यांना. ८६५ गावांतल्या पोरांसाठी महाराष्ट्रात राखीव जागा आहेत, हे तुम्ही भाषणात सांगता. मग १ नोव्हेंबरला काळी फीत बांधणारे हात प्रवेशाच्या दिवसांत या पोरांच्या अर्जापाशी का नसतात? गावोगाव एक वकील, एक टेबल, एवढं जमत नाही? राखीव जागा ही कोणाची मेहेरबानी नाही. पण दाखल्याअभावी ती रिकामी गेली, तर ती असून नसल्यासारखीच.

तोवर आपण आपलं करू. अर्ज दिला की शिक्क्याची पोच घ्या. नकार लेखी मागा. त्याच आठवड्यात वकील गाठा.

ती पोरगी आता बी.एस्सी.ला आहे. तिच्याकडे पोचसुद्धा होती. तिला त्या दिवशी "जा" म्हणणारं घर मिळालं नाही, इतकंच.