हॉव्हरचे काम कोणाचे?

माऊसचा बाण शब्दावर नेला की शब्दाचा रंग पालटावा, ही हौस कोणाला नसते? मलाही होती. आपल्या अंकासाठी केलेल्या कन्नड-मराठी शब्दांच्या वेबपानावर मी तशी सोय केली. कन्नड शब्दावर बाण नेताच शब्द रंगावा आणि खाली मराठी अर्थ उमटावा! त्यासाठी जावास्क्रिप्टने प्रत्येक शब्दावर दोन पहारेकरी बसवले. एकाने बाण आल्याची वर्दी द्यायची व रंग चढवायचा, दुसऱ्याने बाण गेला की उतरवायचा. प्रात्यक्षिकाच्या तासाला अशाच कामाला शाबासकी मिळते, हेही येथे नमूद करतो.

पुढे मित्रांनी दहा नवे शब्द घातले. त्यांना पहारेकरीच नव्हते. कोणी पानाचा मूळ रंग बदलला, तर माझा दुसरा पहारेकरी जुनाच रंग परत चढवीत बसला.

वास्तविक १९९८ सालच्या सीएसएस-२ पासून हे काम स्टाइलशीटचे आहे. तेथे ‘हॉव्हर’ ही अवस्था असून बाणावर लक्ष ब्राउझरच ठेवतो. मग प्रोग्रॅममधून तो नियम थेट त्या शब्दाच्या स्टाइलमध्ये का लिहू नये? लिहिता येत नाही. तेथे गुणधर्म आणि त्याचे मूल्य एवढेच मावते. ‘अमुक अवस्थेत’ ही अट घालायला जागा नाही. म्हणून प्रोग्रॅमने शब्दाला फक्त क्लास द्यावा व नियम स्टाइलशीटमध्ये ठेवावा, असे माझे स्पष्ट मत आहे. नियमच आयत्या वेळी बनवायचा असेल तर ‘इन्सर्टरूल’ आहे.

पण माझी खरी चूक निराळीच होती. खानापूरकडून बसने येणाऱ्या वर्गमैत्रिणीने विचारले, “अर्थ कुठे आहेत रे?” तिच्यापाशी फोन. बोट काही बाणासारखे शब्दावर तरंगत नाही! टेकवले तर बहुधा अर्थ उमटतो, पण मग तो तसाच चिकटून राहतो. आणि टेकवायचे हे तिला कळावे कसे? कीबोर्डवर टॅब दाबत पान वाचणाऱ्यांचा तर मी विचारच केला नव्हता. दुव्यांना हॉव्हरचा नियम लावताना तोच ‘फोकस’लाही लावावा, हे नंतर समजले.

आता अर्थ शब्दाशेजारीच छापले आहेत. हॉव्हरकडे रंग तेवढा ठेवला. दोघा मित्रांच्या मते पान फार साधे झाले. होऊ दे.