अपिलाआधी मोजणी

मुंबई उच्च न्यायालयाचे कोल्हापूर येथील सर्किट बेंच १८ ऑगस्ट २०२५ रोजी सुरू झाले आणि सोलापूर जिल्ह्यातील पक्षकारांची मुंबईवारी बहुतांशी टळली. सिद्धेश्वर एक्स्प्रेसमध्ये रात्र जागून काढणाऱ्यांना हा मोठाच दिलासा आहे. त्याचे आम्ही स्वागत करतो. परंतु "आता कोल्हापूर जवळ आले, अपिलात पाहून घेऊ," ही भाषा आपल्या ख्रिस्ती कुटुंबांत, आणि तीही सख्ख्या भावांत, ऐकू येऊ लागली आहे. तिचा समाचार घेणे आम्हांस अगत्याचे वाटते.

अपील म्हणजे खटल्याचा नवा डाव नव्हे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम १०० मध्ये १९७६ साली दुरुस्ती झाली, तेव्हापासून उच्च न्यायालयात दुसरे अपील चालते ते केवळ कायद्याच्या महत्त्वाच्या प्रश्नावर. बांध कोठून कोठवर, विहीर कोणाच्या हद्दीत, हे वस्तुस्थितीचे प्रश्न सामान्यतः खालच्या न्यायालयांतच संपतात. ज्याने तेथे नकाशा दाखल केला नाही, त्याची जमीन कोल्हापुरात कोण मोजून देणार?

खरे दुखणे येथेच आहे. दाव्यातील मिळकत ओळखता येईल असे तिचे वर्णन द्यावे, चतुःसीमा अथवा सर्व्हे क्रमांक नमूद करावा, असे संहिताच सांगते. आमच्या खरेदीखतांत मात्र "पूर्वेस रस्ता, पश्चिमेस शेजाऱ्याचे शेत" एवढ्यावर भागते. १९९२ च्या हद्दवाढीने सोलापूरभोवतीची गावे शहरात आली. शेतांचे प्लॉट झाले, रस्ते सरकले, शेजारी विकून गेले. कागदावरची जमीन आणि पायाखालची जमीन यांची ओळखच तुटली. मग मालकी सिद्ध होते, पण मालकीची जागा सापडत नाही; हुकूमनामा हाती येतो, पण ताबा येत नाही. भूमी अभिलेख कार्यालयाकडून वेळीच हद्द कायम मोजणी करून घेतली असती, तर यांतील कितीतरी दावे जन्मासच आले नसते.

"सातबाऱ्यावर आमचे नाव आहे," हा दुसरा भ्रम. फेरफार नोंद महसुलासाठी असते. तिने मालकी निर्माण होत नाही की संपत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने वारंवार बजावले आहे. तरीही कित्येक उताऱ्यांवर आजोबांचेच नाव आहे. वारसनोंद नाही आणि वाटणी झाली ती तोंडी!

यावर कोणी म्हणेल, शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये. ही म्हण आम्हांस मान्य नाही, कारण ती बहुधा बळकावणाराच नाडलेल्याला ऐकवतो. मृत्युपत्र नसेल तर १९२५ च्या भारतीय उत्तराधिकार अधिनियमानुसार ख्रिस्ती मुलीचा वाटा मुलाइतकाच आहे. असे असता माहेरच्या एका साडीवर बहिणीकडून हक्कसोडपत्र लिहून घेणारे भाऊ रविवारी पहिल्या बाकावर बसतात. अशा बहिणीने न्यायालयात जावे, अपिलातही जावे. नाबोथाने वडिलार्जित द्राक्षमळा राजालाही दिला नाही. त्याला हट्टी ठरवणारे आपण कोण?

आमचा विरोध न्यायालयाला नाही, ईर्ष्येला आहे. वतनाची वाटणी करून द्या म्हणणाऱ्याचा पंच होण्यास प्रभू येशूने नकार दिला आणि लोभापासून सावध राहण्यास सांगितले. ज्याच्या दाव्यामागे अन्याय नाही, केवळ भावाला नमवण्याची इच्छा आहे, त्याने लोकअदालतीत बसावे. १९८७ च्या विधी सेवा प्राधिकरण अधिनियमानुसार तेथील निवाडा हुकूमनाम्यासारखाच असतो. त्यावर अपील नाही आणि न्यायालयात भरलेले शुल्कही परत मिळते.

करिंथच्या मंडळीत बंधूंचा तंटा तोडील असा एकही सुज्ञ नाही काय, असे संत पौलाने खडसावले होते. तो प्रश्न आज आपल्या धर्मग्रामांनाही आहे. आईवडील हयात आहेत तोवर जमीन मोजा, खुणा रोवा, बहिणींना बोलवा, वाटणीपत्र नोंदवा. मुलांना जमीन थोडी गेली तरी चालेल. वारशात अपील जाऊ नये.