भागीदाराचे दुसरे दुकान

अकोल्याच्या एखाद्या दालमिलमध्ये दोघे भागीदार आहेत असे धरा. एकाचे भांडवल आणि गहाण ठेवलेले घर, दुसऱ्याची धावपळ. काही वर्षांनी धावपळ करणारा स्वतःची वेगळी दालमिल टाकतो. तूर तीच, अडते तेच, गिऱ्हाइकेही हळूहळू तिकडे वळतात. विचारले तर उत्तर ठरलेले : ‘धंदा करायला बंदी आहे काय?’

बंदी नाही, हे खरेच. १९३२ चा भागीदारी कायदा त्याला दुसरी मिल टाकू नको म्हणत नाही. तशी अट करारात घालण्याची मोकळीक मात्र देतो. अट नसली, तरी सोळावे कलम आहे. वेगळे काही ठरले नसेल, तर पेढीशी स्पर्धा करणाऱ्या तशाच धंद्यातला सगळा नफा भागीदाराने हिशेब देऊन पेढीत भरायचा. मिल तुझी, कमाई पेढीची! मला हे कलम फार शहाणपणाचे वाटते. कोण उधारी बुडवतो, कोणाचा माल ओला निघतो, हे ज्ञान भागीदाराला पेढीच्या पैशावर मिळालेले असते. भागीदारी सोडून गेलेल्याला छत्तिसाव्या कलमाने स्पर्धेची मुभा आहे. वेगळा करार नसेल तर जुने नाव वापरायचे नाही आणि जुन्या गिऱ्हाइकांच्या दारी जायचे नाही, एवढेच. म्हणजे आधी बाहेर पडा, मग लढा.

बँकेत असताना अमरावती-अकोल्याचे भागीदारीनामे मी पुष्कळ वाचले. बहुतेक एकाच मसुद्यावरून उतरवलेले. नफ्याची टक्केवारी ठळक, स्पर्धेबद्दल अवाक्षर नाही. त्याहून वाईट म्हणजे कित्येकांची नोंदणीच नव्हती. पेढी नोंदलेली नसेल, तर भागीदाराला या कायद्यातला हक्क मागत दुसऱ्या भागीदारावर दावा लावता येत नाही; सोळावे कलम कागदावर राहते. उरतो मार्ग पेढी मोडून हिशेब मागण्याचा. १९८४ च्या दुरुस्तीने महाराष्ट्राने जवळजवळ तोही बंद केला होता. २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती दुरुस्ती घटनाबाह्य ठरवली. तोवर नोंदणीचा आळस लबाडाच्याच पथ्यावर पडत होता.

अट लिहिली की भांडण मिटते, असेही नाही. किर्लोस्करांच्या घरात २००९ मध्ये कौटुंबिक करार झाला, त्यात एकमेकांशी स्पर्धा न करण्याचे कलम होते. २०१७ मध्ये किर्लोस्कर ऑइल इंजिन्सने ला-गज्जर ही पंप बनवणारी कंपनी घेतली आणि करार मोडल्याचा आरोप किर्लोस्कर ब्रदर्सने केला. समोरच्या बाजूला तो मान्य नाही. प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले, तेव्हा २०२१ मध्ये न्यायालयाने मध्यस्थी सुचवली. आता वरुड-मोर्शीचा संत्रा बागायतदार म्हणेल, पंप विकणारे दोन झाले तर आमचे काय बिघडले? त्याचे बरोबर आहे. पण हा युक्तिवाद मी कंपनीपुरताच मानतो. तिथे भागधारकाची जोखीम शेअरच्या रकमेपुरती असते.

भागीदाराचे तसे नाही. पेढीच्या संपूर्ण कर्जाला प्रत्येक भागीदार जबाबदार असतो. काउंटरच्या आतून दुसरे दुकान लवकर दिसते : कॅश क्रेडिट खात्यातली जमा रोडावते, स्टॉक स्टेटमेंटमध्ये माल मात्र तेवढाच असतो. ज्या व्यापाऱ्यांचे चेक इथे यायचे, ते भलत्याच खात्यात जमा होऊ लागतात. त्या खात्याची माहिती दुसऱ्याला देता येत नाही. बँकेवर गुप्ततेचे बंधन आहे. भांडवल घालणारा भागीदार वर्षातून एकदा, कर्जाच्या नूतनीकरणाला, सह्या करायला येतो. ‘सगळं ठीक आहे ना, साहेब?’ म्हणत चहा घेतो आणि जातो. पेढीची कोणतीही वही पाहण्याचा, तिची नक्कल घेण्याचा हक्क त्याला बाराव्या कलमाने दिलेला आहे. तो वापरणारे माझ्या पाहण्यात फार थोडे आले. वही मागणे म्हणजे अविश्वास दाखवणे, असे आपल्याकडे समजतात. खाते थकले की नोटीस मात्र त्याच्याच दारावर चिकटवली जाते, कारण गहाण त्याचेच घर असते.