व्यक्तिसाहाय्य : दया की हक्क?

मेरी रिचमंड यांच्या ‘सोशल डायग्नोसिस’ (१९१७) या ग्रंथाने व्यक्तिसाहाय्य कार्याला शास्त्राचे रूप दिले. चौकशी, निदान, उपाय हा क्रम उपयुक्तच आहे. परंतु बेकारीचे मूळ बेकाराच्या स्वभावात शोधले गेले, की तेच शास्त्र भांडवलशाहीची ढाल बनते.

यावरील उत्तर अमेरिकेतील मार्क्सवादी समाजकार्यकर्त्या बर्था रेनॉल्ड्स यांनी व्यवहारातून दिले. १९४३ ते १९४७ या काळात त्यांनी खलाशांच्या कामगार संघटनेत हेच कार्य केले. तेथे मदत मागणारा खलाशी याचक नव्हता; तो संघटनेचा सभासद होता.

मुंबईत समाजकार्याचे शिक्षण १९३६ मध्ये सुरू झाले. कामगार संघटनांच्या कचेऱ्यांत मात्र ते क्वचितच दिसते. कार्यकर्त्यांनी या तंत्राची हेटाळणी न करता ते आत्मसात करावे. एकेका कामगाराचे दुःख ऐकून न घेणारी चळवळ त्याला लढ्यात कशी आणणार?