गोड-खारट मिश्रणाचा नवा धंदा आणि डब्यावरचे नाव

सणासुदीच्या भेटवस्तूंमध्ये आता सुकामेवा आणि मिठाईच्या जोडीला चॉकलेटचे डबे आले आहेत. मुंबईत घरी चॉकलेट करून विकणाऱ्या महिलांची संख्या मोठी आहे आणि क्रॉफर्ड मार्केटमध्ये त्यांना लागणाऱ्या चॉकलेटच्या लाद्या, साचे, चांदीचे कागद आणि खोकी एकाच फेरीत मिळतात. या धंद्यात एक अमेरिकन पदार्थ शिरू पाहत आहे. खारे दाणे, कुरकुरीत धान्य आणि खारी बिस्किटे वितळलेल्या पांढऱ्या चॉकलेटमध्ये घोळवायची, थंड झाल्यावर तुकडे मोडायचे आणि बरणीत भरून विकायचे. भट्टी नको, मोठे भांडवल नको, पाच-सहा जिन्नस आणि दोन तासांचे काम. आमच्या भगिनींनी या धंद्यात अवश्य उतरावे, असे आमचे मत आहे. मात्र उतरण्यापूर्वी या पदार्थाची जात आणि त्यातील एक खोच नीट समजून घ्यावी, एवढ्यासाठी हा लेख.

मूळ कोठले?

अमेरिकेत सेंट लुई शहरातील राल्स्टन प्युरिना या कंपनीने १९३७ मध्ये जाळीदार चौकोनी तुकड्यांचे न्याहारीचे धान्य बाजारात आणले. तेच पुढे 'चेक्स' या नावाने प्रसिद्ध झाले. न्याहारीचा माल फक्त सकाळी खपतो, म्हणून १९५० च्या दशकात कंपनीने खोक्यावर आणि जाहिरातींत एक कृती छापली : धान्य, दाणे आणि लोणी एकत्र करून भाजा व पाहुण्यांपुढे ठेवा. ते मिश्रण खारट होते. नाताळात ते घरोघरी होऊ लागले आणि न्याहारीचा माल संध्याकाळीही खपू लागला. गोड प्रकार नंतर आले. त्यांपैकी पांढऱ्या चॉकलेटचा प्रकार नाताळात अधिक चालतो, कारण तो बर्फ पडल्यासारखा दिसतो आणि त्यावर लाल-हिरव्या गोळ्या उठून दिसतात. १९९७ पासून हा चेक्सचा धंदा जनरल मिल्स या कंपनीकडे आहे.

यातून व्यापाऱ्याने घेण्याचा धडा साधा आहे. कंपनीने नवा माल काढला नाही, जुन्या मालाचा नवा उपयोग दाखवला. आपल्याकडेही मक्याचे पोहे, कुरमुरे, खारे शेंगदाणे आणि खारे शंकरपाळे हे सर्व आहेच. परदेशी खोकी महाग भावाने आणण्याची काहीएक गरज नाही.

पांढरे चॉकलेट म्हणजे काय?

खरी खोच येथे आहे. कोकोच्या बीपासून दोन वस्तू निघतात, काळसर भुकटी आणि पिवळसर चरबी. या चरबीला कोको बटर म्हणतात. पांढऱ्या चॉकलेटमध्ये भुकटी नसते. कोको बटर, साखर आणि दुधाची भुकटी एवढाच त्याचा संसार. म्हणजे त्यात चॉकलेटपणा जो काही आहे तो कोको बटरमुळेच. ते काढून घेतले तर उरते ती दूधसाखर.

म्हणूनच कायद्याने येथे रेघ ओढली आहे. अमेरिकेत १ जानेवारी २००४ पासून लागू असलेल्या नियमानुसार 'व्हाईट चॉकलेट' हे नाव लावायचे तर निदान २० टक्के कोकोची चरबी आणि १४ टक्के दुधाचे घन पदार्थ हवेत, आणि साखर ५५ टक्क्यांपेक्षा जास्त चालत नाही. युरोपमध्येही २० आणि १४ हेच आकडे आहेत. त्यामुळे अमेरिकेतील दुकानात पांढऱ्या मालाची पाकिटे नीट वाचली तर काहींवर 'चॉकलेट' हा शब्दच नसतो. 'व्हाईट चिप्स' किंवा 'आमंड बार्क' असे काही लिहिलेले असते. त्यात कोको बटरऐवजी दुसरे वनस्पती तेल असते. माल स्वस्त असतो, कामालाही सोपा असतो, पण चॉकलेटचे नाव त्याला लावता येत नाही.

आपल्या बाजारात अशा मालाला 'कंपाउंड' म्हणतात. घरगुती धंद्यात जी पांढरी लादी वापरली जाते ती बहुधा हीच असते. घाऊक दुकानदारही ती कंपाउंड म्हणूनच विकतो आणि वेष्टनावर तसे छापलेले असते. नाव बदलते ते पुढे, आपल्या स्वयंपाकघरात. कंपाउंडची लादी वितळते आणि डब्यावर सोनेरी अक्षरांत 'व्हाईट चॉकलेट' उमटते.

कंपाउंड वापरणे गैर आहे, असे आम्ही मुळीच म्हणत नाही. आपल्या हवेत ते टिकते आणि गरीब गिऱ्हाइकाला परवडते. गैर आहे ते कंपाउंडच्या भावात घेऊन चॉकलेटच्या भावात व चॉकलेटच्या नावाने विकणे. २०२४ साली कोकोचा जागतिक भाव टनाला १०,००० डॉलरच्या वर गेला, कारण जगातील निम्म्याहून अधिक कोको पिकवणाऱ्या आयव्हरी कोस्ट आणि घाना या दोन देशांत पीक बुडाले. अशा दिवसांत हा मोह फार मोठा असतो. परंतु वजनात मारणारा आणि नावात मारणारा यांत आम्हाला फरक दिसत नाही. डब्यावर 'पांढऱ्या कंपाउंडमधील गोड-खारट मिश्रण' असे लिहिल्याने गिऱ्हाईक पळत नाही. दोन प्रकार ठेवावेत, दोन भाव ठेवावेत आणि फरक सांगून विकावा. ज्याला फरक कळला तो गिऱ्हाईक पुन्हा येतो.

कृती आणि तिच्यातले धोके

एक किलो मालासाठी ४५० ग्रॅम पांढरे चॉकलेट किंवा कंपाउंड, १५० ग्रॅम भाजलेले मक्याचे पोहे, २०० ग्रॅम खारे शेंगदाणे, १०० ग्रॅम बारीक खारे शंकरपाळे आणि १०० ग्रॅम भाजलेले बदाम वा काजू हे प्रमाण बरे पडते. खारट जिन्नस कमी करू नयेत. पांढरे चॉकलेट नुसतेच गोड असते आणि दोन घासांत तोंड मिटते. मिठाचा कण मध्ये आला की गोडी खुलते आणि हात पुन्हा डब्याकडे जातो. या मालाचा खप मिठावरच आहे.

पहिला शत्रू पाणी. वितळलेल्या चॉकलेटमध्ये ओल्या चमच्याचे दोन थेंब गेले तरी ते एकदम घट्ट होऊन दाणेदार गोळा बनते. भांडे, चमचा, हात सर्व कोरडे हवेत. गरम पाण्यावर भांडे ठेवून वितळवताना वाफ आत जाऊ देऊ नये. दुसरा शत्रू आच. पांढऱ्या चॉकलेटमध्ये दूध आणि साखर अधिक असल्याने ते काळ्या चॉकलेटच्या आधी करपते. ४५ अंशांच्या वर नेऊ नये. बोटाला कोमट लागले की पुरे. खरे चॉकलेट असेल तर ते वितळवून सुमारे २७ अंशांपर्यंत ढवळत थंड करावे आणि पुन्हा २८-२९ अंशांवर आणून वापरावे. असे केले नाही तर दोन दिवसांत वर भुरकट डाग येतात. कंपाउंडला ही कसरत लागत नाही. तिसरा शत्रू दमट हवा. पोहे आणि शंकरपाळे आधी कोरडे भाजून पूर्ण थंड करून घ्यावेत आणि तयार माल त्याच दिवशी हवाबंद डब्यात भरावा. पावसाळ्यात हा माल करून ठेवू नये.

खरे कोको बटर ३४ अंशांच्या आसपास वितळते, म्हणून ते जिभेवर विरघळते आणि म्हणूनच मुंबईच्या मे महिन्यात ते डब्यातच विरघळते. या धंद्याला थंडी मानवते. ईद-उल-फित्र २०२४ मध्ये ११ एप्रिलला आली, २०२५ मध्ये ३१ मार्चला. दरवर्षी ती दहा-अकरा दिवस अलीकडे सरकते. पुढील काही वर्षे ईदचा बाजार थंडीच्या दिवसांत भरणार आहे. दिवाळी, नाताळ आणि ईद असा सलग हंगाम ज्यांना साधायचा आहे, त्यांनी आतापासून हात बसवावा.

कोकणाची एक गोष्ट

आमच्या कोकणातील वाचकांसाठी एक माहिती. कोको बटरखेरीज इतर वनस्पती चरबी चॉकलेटमध्ये ५ टक्क्यांपर्यंत घालण्यास युरोपने २००० सालच्या कायद्याने मुभा दिली आणि त्यासाठी फक्त सहा चरबींची नावे दिली. त्यांत आपले कोकम आहे. आंब्याची कोय आणि सालाचे बीही आहे. ज्या कोकमतेलाचा उपयोग आपण भेगाळलेल्या टाचांना लावण्यापलीकडे फारसा करत नाही, ते कोको बटरपेक्षा थोड्या अधिक उष्णतेला वितळते आणि म्हणून उष्ण हवेतल्या चॉकलेटला आधार देते. रत्नागिरी-सिंधुदुर्गात कोकमाची आमसुले आणि सरबत होते, पण बी आणि कोय कवडीमोलाने जाते किंवा उकिरड्यावर पडते. तयार मालाची बरणी विकणाऱ्यांबरोबरच कच्चा माल गोळा करणारे, वाळवणारे आणि गाळणारे तरुणही या साखळीत उभे राहू शकतात. त्यांना विचार करावयास ही जागा मोकळी आहे.

कागदपत्रे आणि गिऱ्हाइकाचे प्रश्न

घरात केलेला असला तरी खाण्याचा माल विकायचा तर २००६ च्या अन्नसुरक्षा कायद्याखाली नोंदणी लागते. वेष्टनावर घटक, वजन, तयार केल्याची तारीख, टिकण्याची मुदत आणि नोंदणी क्रमांक द्यावा. शेंगदाणे, सुकामेवा, दूध आणि गहू यांची नावे तर ठळक द्यावीत, कारण काहींना शेंगदाण्याचा एक दाणाही जिवावर बेततो.

कराचा घोळ पूर्वी मोठा होता. डिसेंबर २०२४ मध्ये जैसलमेरच्या बैठकीत जीएसटी परिषदेने खारे पॉपकॉर्न आणि साखरेच्या पाकातले पॉपकॉर्न यांना वेगळे दर सांगितले तेव्हा देशभर चेष्टा झाली होती. २२ सप्टेंबर २०२५ पासून चॉकलेट आणि नमकीन दोन्ही ५ टक्क्यांत आली. गोड आणि खारट एकाच बरणीत घालणाऱ्याला हा मोठाच दिलासा आहे.

गिऱ्हाईक आणखी एक प्रश्न विचारील, हलालचा. अमेरिकन कृतींत पुष्कळदा मार्शमॅलो असतो. त्यातील जिलेटिन जनावराचे आणि अनेकदा डुकराचे असते. तेथील व्हॅनिला अर्कात कायद्यानेच निदान ३५ टक्के अल्कोहोल असते. आम्ही वर दिलेल्या कृतीत या दोन्हींची गरज नाही. लादी आणि रंगीत गोळ्या घेताना मात्र वेष्टनावरचे घटक वाचावेत. जिलेटिन टाळणारा शाकाहारी शेजारीही हाच प्रश्न विचारतो. एका स्वच्छ उत्तरात दोन्ही गिऱ्हाइके मिळतात.

शेवटी हिशेबाचे दोन शब्द. भाव ठरवताना जिन्नसांबरोबर बरणी, गॅस, वाया गेलेला माल आणि स्वतःची मजुरी धरावी. पुष्कळ भगिनी मजुरी धरत नाहीत आणि हंगाम संपल्यावर हाती काही उरले नाही म्हणून धंदा सोडतात. नात्यातल्या मागणीवरही निम्मी रक्कम आगाऊ घ्यावी. सणाच्या उधारीची वसुली सण गेल्यावर होत नाही.

पहिल्या वर्षी पन्नास बरण्या विकल्या तरी चालतील. त्या पन्नास बरण्यांवर जे लिहिले असेल तेच आत असावे. दुसऱ्या वर्षीची मागणी त्यावरूनच येते आणि बरकतही त्यातच आहे.