सब्र म्हणजे गप्प बसणे नव्हे

पुनर्मूल्यांकनाचा निकाल लटकला आणि विद्यार्थी कोर्टात गेले की दोन सूर हमखास ऐकू येतात. विद्यापीठ म्हणते, पोरांना धीर नाही. घरचे म्हणतात, "बेटा, सब्र कर, मोठ्यांशी वैर घेऊ नकोस." दोन्ही चूक.

२०१७ आठवा. मुंबई विद्यापीठाने १७ लाखांहून अधिक उत्तरपत्रिका एकाच हंगामात संगणकावर तपासायला घेतल्या. राज्यपालांनी दिलेली ३१ जुलैची मुदत हुकली. विधी शाखेच्या विद्यार्थ्यांना उच्च न्यायालयाची पायरी चढावी लागली. ऑक्टोबरात कुलगुरूंना पदावरून हटवले गेले. पण पुनर्मूल्यांकनाच्या रांगेत गेलेले महिने कुणी परत दिले?

खापर सॉफ्टवेअरवर फुटले. मी सॉफ्टवेअर लिहूनच पोट भरतो, म्हणून सांगतो: नवी प्रणाली आधी एखाद्या छोट्या शाखेत चालवून बघतात, वापरणाऱ्यांना शिकवतात, जुनी पद्धत हाताशी ठेवतात. सगळा भार एकदम टाकण्याचा निर्णय माणसांचा होता, यंत्राचा नव्हे.

२०१६ च्या महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ अधिनियमाचे कलम ८९ सांगते की निकाल ३० दिवसांत लावण्याचा प्रयत्न करावा आणि ४५ दिवसांच्या आत तो लागलाच पाहिजे. मग पुनर्मूल्यांकनाला तारीख का नको? फी भरायची शेवटची तारीख काटेकोर, निकाल मात्र सवडीने. दुकानदाराने असे केले तर आपण त्याला काटा मारणारा म्हणतो.

हा उशीर सगळ्यांना सारखा बसत नाही. भिवंडी-मुंब्र्यातल्या ज्या घरातली पहिलीच मुलगी पदवीपर्यंत पोहोचते, तिथे एक वर्ष हुकले की कित्येकदा पुस्तके बंद होतात आणि लग्नाची बोलणी सुरू होतात. पुढे ती पास ठरली तरी उपयोग काय?

कोर्टाकडून भलती अपेक्षा मात्र ठेवू नका. नियमात तरतूद नसेल तर पुनर्मूल्यांकन हा हक्क नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९८४ मध्येच म्हटले आहे. न्यायाधीश पेपर तपासत नाहीत. पण नियमात असलेली, फी घेतलेली सोय वेळेत द्या, असा आदेश उच्च न्यायालय देऊ शकते.

कोर्टाआधीही एक रस्ता आहे. आपली तपासलेली उत्तरपत्रिका माहिती अधिकारात पाहता येते, हे सर्वोच्च न्यायालयाने २०११ मध्ये स्पष्ट केले. अर्जाची फी १० रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. उत्तरपत्रिका कायम जपल्या जात नाहीत, म्हणून अर्ज लगेच करा. पावत्या जपा. वर्गातल्या सगळ्यांना, मग ते कोणत्याही धर्माचे असोत, सोबत घ्या. रांग सगळ्यांची एकच आहे.

विद्यार्थ्याचे गुण ही विद्यापीठाकडे ठेवलेली अमानत आहे. ती वेळेत मागणे हा उद्धटपणा नाही. सब्र म्हणजे संकटात न डगमगणे; हक्कावर पाणी सोडणे नव्हे.