देशोदेशींचीं स्वयंपाकघरें : कोरियाचा किमजांग

गेल्या चैत्रांत सासूबाईंनीं चहाचा पेला खालीं ठेवतां ठेवतां सांगितलें, "यंदा पापड-कुरडया घरीं करावयाच्या नाहींत. लागतील तेवढ्या बाजारांतून आणूं." घरांत क्षणभर कोणीच कांहीं बोललें नाहीं. खरें पाहतां आम्हां सुनांना सुटल्यासारखें वाटावयास हरकत नव्हती. पहांटे उठून चीक शिजवा, पाठ मोडेपर्यंत उन्हांत कुरडया घाला, कावळ्यांवर पोरांचा पहारा बसवा, या सर्वांतून सुटका झाली होती. पण वैशाख उजाडला, गच्ची रिकामी राहिली, शेजारच्या वहिनी पोळपाट-लाटणें घेऊन आल्या नाहींत, आणि मग मनांत आलें, बाजारांतून आपण नेमकें काय आणलें व काय तेथें मिळालें नाहीं? हाच प्रश्न एका दूरच्या देशालाही पडलेला आहे. या महिन्यांत वाचक भगिनींना त्या देशाच्या स्वयंपाकघरांत घेऊन जावयाचें आहे.

कोरिया हें चीन व जपान यांच्या दरम्यानचें द्वीपकल्प. १९४५ सालीं त्याचे दोन भाग पडले आणि १९४८ पासून उत्तरेस व दक्षिणेस दोन निराळीं राज्यें आहेत. एका भागांतील बहिणीस दुसऱ्या भागांतील भावाची भेट दुर्मिळ. परंतु जेवणाचें पान मात्र दोन्हीकडे एकच. भात, ऊन सार आणि किमची. आपण किमचीला लोणचें म्हणूं खरें, पण आपलें लोणचें पानाच्या डाव्या बाजूस बेतानें वाढावयाचें असतें. किमची तेथें भाजीसारखी भरपूर खातात, व तीही दररोज.

ती करण्याची रीत अशी. लांबट गड्ड्याचा व पांढऱ्या देठांचा जो कोबी आपल्या बाजारांत चिनी कोबी म्हणून मिळतो, त्याचे उभे भाग करून ते रात्रभर मिठांत ठेवतात. सकाळीं धुऊन निथळवितात. मुळ्याच्या बारीक काड्या, लसूण, आलें, कांद्याची पात, लाल मिरचीची जाडसर पूड, तांदुळाच्या पिठाची पातळ खळ आणि खारवून मुरविलेली कोळंबी किंवा मासळी, यांचें मिश्रण कोबीच्या पानापानांत हातानें माखतात. मग प्रत्येक भाग त्याच्याच बाहेरच्या पानांत गुंडाळून मातीच्या रांजणांत दडपून भरतात. मिठामुळें कुजविणारे जंतू दबतात, आणि दुधाचें दहीं करणाऱ्या जंतूंचे भाऊबंद वाढीस लागतात. ते जें आम्ल निर्माण करतात तेंच किमचीस टिकवितें. आपल्या लोणच्याचा रक्षक तेल, तर किमचीचा रक्षक तिचा स्वतःचा आंबटपणा. पूर्वीं हे रांजण अंगणांत गळ्यापर्यंत पुरून ठेवीत. वर बर्फ पडलें तरी जमिनीच्या पोटांत तेवढी थंडी शिरत नाहीं. त्यामुळें किमची गोठतही नसे व नासतही नसे. भाजीपाल्याचें नांव नसलेला सगळा हिंवाळा त्या रांजणांवर निघे.

हिंवाळ्याच्या तोंडावर, कार्तिक-मार्गशीर्षाच्या सुमारास, घरोघरीं हें काम एकदम करण्याची जी प्रथा, तिचें नांव किमजांग. तिची तयारी मात्र वर्षभर चालते. वसंतांत मासळी खारवून ठेवावयाची, उन्हाळ्यांत समुद्राचें मीठ भरावयाचें, पावसाळा सरतां सरतां मिरच्या वाळवून कुटावयाच्या. मग घरची वडीलधारी स्त्री हवेचा रंग पाहून दिवस नक्की करी. मोठ्या कुटुंबास शंभराहून अधिक गड्डे लागत. एवढें काम एका घराच्या हातून होण्यासारखें नसल्यामुळें आज तुमच्याकडे, उद्यां आमच्याकडे, अशी पाळी लागे. कोरियन भाषेंत यास 'पुमासी' म्हणतात. आपल्या शेतकऱ्यांची सावड ती हीच. त्या दिवशीं आलेल्या सर्वांना ताज्या किमचीबरोबर जेवूं घालावयाचें (तेथील रीतीप्रमाणें उकडलेलें डुकराचें मांस बरोबर असतें), आणि निघतांना प्रत्येकीच्या हातीं एक भांडें भरून द्यावयाचें. ज्या घरीं करणारें कोणी नाहीं, त्यांचा वांटाही आधींच बाजूस निघालेला असे. नव्या सुनेला सासूच्या हाताचें प्रमाण कळे तें याच दिवशीं.

२०१३ सालीं संयुक्त राष्ट्रांच्या 'युनेस्को' संस्थेनें मानवजातीच्या अमूर्त वारशाच्या यादींत दक्षिण कोरियाच्या या प्रथेची नोंद केली. येथें एक बारकावा ध्यानांत घेण्याजोगा आहे. नोंद झाली ती किमची या पदार्थाची नव्हे, तर किमची करण्याची व वांटण्याची. पदार्थ बरणींत बंद करून कोठेंही विकतां येतो. चार घरांनीं एकत्र बसणें विकतां येत नाहीं. दोन वर्षांनीं, २०१५ सालीं, उत्तर कोरियाच्या किमची करण्याच्या परंपरेचीही त्याच यादींत नोंद झाली. ज्यांचें दुसऱ्या कशावर एकमत होत नाहीं, त्यांचा रांजण एकच असल्याचें अशा रीतीनें जगाच्या दप्तरीं लागलें.

हा रांजण फार पुरातन असेल, असें कोणासही वाटेल. मुळा मिठांत घालून हिंवाळ्यासाठीं ठेवण्याचा उल्लेख यी ग्यू-बो (११६८–१२४१) या कवीच्या रचनेंत आहे, म्हणजे प्रथा जुनी खरीच. पण जी लाल मिरची आज किमचीचा प्राण समजली जाते, ती मूळची अमेरिका खंडांतली. कोरियांत ती सोळाव्या शतकाच्या अखेरीच्या सुमारास पोंचली. १६१४ सालच्या एका कोरियन ज्ञानकोशांत तिला 'जपानी मोहरी' म्हटलें आहे. अर्थात् ती शेजाऱ्याकडून आलेली परकी वस्तु, हें तेव्हां सर्वांस ठाऊक होतें. चिनी कोबीचा भरदार गड्डा तर एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपासूनच तेथें रुळूं लागला. यावरून कोरियन लोकांस हंसण्याचें कारण नाहीं. पोर्तुगीजांच्या जहाजांतून मिरची आपल्याही किनाऱ्याला लागली ती त्याच शतकांत, आणि आज तिच्यावांचून आपली फोडणी होत नाहीं. जिन्नस बदलत राहतात. टिकते ती रीत, आणि तीही कोणी टिकविली तरच.

आतां कांहीं भगिनी म्हणतील, लसूण आणि मासळी यांचा हा पदार्थ आमच्या घरीं काय कामाचा! त्यांच्यासाठीं कोरियांतील बौद्ध मठांची हकीकत सांगतें. तेथील भिक्षु व भिक्षुणीही किमजांग करतात, आणि त्यांच्या किमचींत मासळी नसते, लसूण नसतो, कांद्याची पातही नसते. बौद्ध धर्म कोरियांत इ. स. ३७२ मध्यें पोंचला व त्याच्या मार्गानें पांच उग्र वस्तूंचा निषेधही पोंचला. त्यांपैकीं चार कांदा-लसणाच्या जातीच्या. पांचवीचें नांव कोरियन भाषेंत 'हुंगगो'. ही वस्तु कोरियांत पिकत नाहीं. हा शब्द म्हणजे आपला हिंग! संस्कृतांतील 'हिंगु' हा शब्द धर्मग्रंथांबरोबर चीनमध्यें गेला, आणि तेथून रूप पालटून कोरियांत आला. कांदा-लसूण वर्ज्य म्हणून आपण ज्याचा आसरा घेतला, तोच हिंग त्यांच्याकडे कांदा-लसणाच्या पंक्तीला बसून वर्ज्य ठरला. शास्त्रें एका भूमींतून निघालीं तरी दोन स्वयंपाकघरांत दोन वाटांनीं गेलीं, आणि दोन्हीकडच्या माणसांनीं आपल्या नियमांत राहून रुचि शोधून काढली.

परंतु किमजांगाची आजची स्थिति सांगितल्यावांचून हा लेख पुरा व्हावयाचा नाहीं. दक्षिण कोरियांत बहुतेक कुटुंबें आतां लहान झालीं आहेत आणि उंच इमारतींत राहतात. रांजण पुरावयास अंगण कोठलें? १९९० नंतरच्या दशकांत खास किमचीसाठीं केलेलें शीतकपाट घरोघर शिरूं लागलें. खारवून धुतलेला कोबी आयता मिळतो. तयार किमची तर दुकानोदुकानीं आहेच, आणि तींतली पुष्कळशी चीनमधून येते. किमजांग सोडून देणाऱ्यांसाठीं भाषेंत नवा शब्दही तयार झाला आहे, 'किमपोजोक'. याचें कारण केवळ आळस नव्हे. शेकडों पानें माखून पाठ धरते ती सासवासुनांची, आणि भांडें भरून नेणारे मात्र सगळेच, ही तक्रार तेथील स्त्रिया आतां उघडपणें करतात. उलट जेथें पुरुषही पाटीवर बसतात, किंवा स्वयंसेवक सार्वजनिक चौकांत जमून वृद्धांसाठीं व गरिबांसाठीं किमची करतात, तेथें ही प्रथा नव्यानें उभी राहिलेली दिसते.

हें सारें वाचून मीं सासूबाईंना सांगितलें. त्यांनीं शांतपणें ऐकून घेतलें आणि म्हणाल्या, "मला कंटाळा आला म्हणून नाहीं ग बंद केलें. खाणारे बारा आणि लाटणाऱ्या दोघी, असें तीन वर्षें चाललें होतें. कोणास त्याचें कांहीं वाटतें कीं नाहीं, तें पाहावयाचें होतें." त्यावर माझ्याजवळ उत्तर नव्हतें. रात्रीं पंक्तीला ही गोष्ट मीं सर्वांसमक्ष काढली. येत्या वैशाखांत शेजारच्या तीन घरांनीं मिळून दोन दिवस काम करावयाचें, चीक घोटण्याचें काम पुरुषमंडळींनीं उचलावयाचें, आणि ज्यानें हात लावला नाहीं त्यानें डबा मागावयाचा नाहीं, असें ठरलें आहे. भावजींनीं हात वर करून होकार दिला आहे. वैशाखांत तो हात कोठें असतो तें पाहूं.

तोंपर्यंत मठाच्या पद्धतीनें थोडी किमची करून पाहावयाची असल्यास तिची कृति देतें.

साहित्य : चिनी कोबी १ किलो, जाडें मीठ ७० ग्रॅम, मुळा २०० ग्रॅम, आल्याचा अंगठ्याएवढा तुकडा, ब्याडगी मिरचीची जाडसर पूड ३ मोठे चमचे, तांदुळाचें पीठ १ मोठा चमचा, साखर १ लहान चमचा, पाऊण वाटी पाणी.

कृति : कोबीचे उभे चार भाग करून पानांच्या मधून मीठ चोळावें व चार तास ठेवावे, मधून मधून खालवर करावे. देठ न मोडतां वांकूं लागला म्हणजे कोबी खारला असें समजावें. तीन पाण्यांनीं धुऊन तासभर निथळत ठेवावा. तांदुळाचें पीठ पाण्यांत कालवून खळ शिजवावी व निवूं द्यावी. तींत मिरचीपूड, किसलेलें आलें, साखर, चवीपुरतें मीठ व मुळ्याच्या काड्या घालून तें मिश्रण पानापानांत माखावें. काचेच्या बरणींत दडपून भरावें. वर चार बोटें जागा सोडावी, कारण किमची फसफसते, व त्याच कारणानें झांकण घट्ट लावूं नये. पानें रसांत बुडालेलीं असावींत. उन्हाळ्यांत एक दिवस व थंडींत दोन दिवस बाहेर ठेवून मग बरणी शीतकपाटांत ठेवावी. आठवड्याभरांत ती छान मुरते.

किलोभर कोबीची किमची एका घरास एका वेळीं संपत नाहीं. पहिली वाटी शेजारीं द्यावी.